आंधळा, वेडा, मुका: ना उन-ग्यू यांच्या हरवलेल्या अभिनयाचा आढावा

१ ऑक्टोबर १९२६ या दिवशी सोलमध्ये दोन गोष्टी घडल्या. ग्यॉंगबोक राजवाड्याच्या आवारात जपानी गव्हर्नर-जनरलच्या नव्या दगडी इमारतीचे उद्घाटन झाले, आणि त्याच शहरातल्या दानसॉंगसा चित्रपटगृहात 'आरिरांग' नावाचा मूकपट लागला. ती इमारत दक्षिण कोरियाने १९९५-९६मध्ये पाडून टाकली. पण तिची छायाचित्रे आहेत, नकाशे आहेत, तिचे काही अवशेषही जपून ठेवलेले आहेत. 'आरिरांग'ची मात्र वीतभर फीतसुद्धा आजवर हाती लागलेली नाही. त्यात वेड लागलेल्या योंग-जिनचे काम करणारा तरुण नट त्या दिवशी पुरा चोवीस वर्षांचाही नव्हता. कोरियन सिनेमाचा इतिहास त्याच्यापासून खऱ्या अर्थाने सुरू होतो, असे बहुतेक अभ्यासक मानतात. त्याचे नाव ना उन-ग्यू. 'ना' हे आडनाव, म्हणून पुढे त्यांना उन-ग्यू म्हणू.

बारा-तेरा वर्षांच्या कारकिर्दीत उन-ग्यू पंचवीसच्या आसपास चित्रपटांत पडद्यावर आले. त्यांतला एकही आज पाहता येत नाही. तरीही त्यांच्याविषयीचे वाद नव्वद वर्षांनंतरही मिटलेले नाहीत: 'आरिरांग' नेमका कुणी दिग्दर्शित केला, तो राष्ट्रवादी चित्रपट होता का, आणि तिशीच्या दशकात आलेल्या उतरणीचा अर्थ काय लावायचा. या वादांची आजची स्थिती मांडणे हा या लेखाचा हेतू आहे. ती मांडताना एक गोष्ट सारखी जाणवत राहते. दिग्दर्शक उन-ग्यू आणि देशभक्त उन-ग्यू यांच्यावर भरपूर लिहिले गेले आहे. नट उन-ग्यू मात्र त्या गर्दीत मागे राहिला आहे.

सीमेवरचा मुलगा

उन-ग्यूंचा जन्म २७ ऑक्टोबर १९०२चा, कोरियाच्या अगदी उत्तरेच्या ह्वेर्यॉंग गावचा. पलीकडे तुमेन नदी आणि नदीपार मांचुरिया. १९१०मध्ये जपानने कोरिया गिळंकृत केला तेव्हा हा मुलगा आठ वर्षांचाही नव्हता. नदीपलीकडच्या कोरियन वस्तीत तो शिकला. १ मार्च १९१९च्या स्वातंत्र्यचळवळीत उतरला, मग रशियाच्या बाजूला भटकला. रशियन यादवीत तो काही काळ श्वेत सैन्यात होता, असे चरित्रकार सांगतात. पुढे ह्वेर्यॉंग-छॉंगजिन रेल्वेमार्गावरचा बोगदा उडवण्याच्या कटात त्याचे नाव आले आणि दोनेक वर्षे छॉंगजिनच्या तुरुंगात गेली. १९२३मध्ये सुटका झाली. 'चुन्सा' हे टोपणनाव त्याला मिळाले ते या तुरुंगातच. दक्षिण कोरियातला 'चुन्सा' चित्रपट पुरस्कार याच नावाने दिला जातो.

तेव्हा कोरियन सिनेमाचे वय ते किती! पहिला प्रयोग २७ ऑक्टोबर १९१९चा: दानसॉंगसामध्ये किम दो-सान यांनी रंगमंचावरच्या नाटकाच्या मधोमध चित्रित दृश्ये दाखवली. दक्षिण कोरियात हा दिवस चित्रपट दिन म्हणून पाळतात, आणि योगायोग असा की तोच उन-ग्यूंचा वाढदिवस. १९२३मध्ये युन बेक-नाम यांनी लोकांना बचतीची सवय लागावी म्हणून सरकारी पैशाने एक कथापट केला. कॅमेरे जपानी, भांडवल बहुतांशी जपानी, चित्रपटगृहांचे मालकही पुष्कळ ठिकाणी जपानी. अशा मुलखात कोरियन नटाला काम मिळायचे म्हणजे जपानी कंपनीच्याच दारातून आत जावे लागे.

उन-ग्यू आधी गावाकडच्या नाटकमंडळीत शिरले आणि तिथून बुसानला, 'चोसोन किनेमा' या जपानी मालकीच्या कंपनीत. बुटका, ठेंगणा बांधा. नायकाचा चेहरा म्हणावा असा चेहरा नाही. त्यांना घ्यावे की नाही याबद्दल कंपनीत नाराजी होती. तेव्हा तिथे नायकाची कामे करणारे आणि पुढे दिग्दर्शक झालेले आन जोंग-ह्वा यांनी त्यांची बाजू घेतली. १९२५च्या 'उन्योंगजॉन'मध्ये त्यांच्या वाट्याला पालखीच्या भोयाचे काम आले. त्याच वर्षीच्या 'शिमचॉंगजॉन'मध्ये मात्र बावीस वर्षांच्या या पोराने म्हातारा आंधळा बाप उभा केला. बापाला दृष्टी यावी म्हणून मुलगी स्वतःला समुद्रात झोकून देते, अशी ही कोरियात घरोघर ठाऊक असलेली जुनी कथा आहे. दिग्दर्शक ली ग्योंग-सोन होते, आणि सगळ्यांच्या लक्षात राहिला तो हा आंधळा.

'आरिरांग' आणि त्याची साधने

पुढच्याच वर्षी योदो तोराझो या जपानी व्यापाऱ्याच्या नव्या संस्थेत 'आरिरांग' झाला. कथा अशी. शिकायला गेलेला योंग-जिन वेड लागून गावी परततो. जमीनदाराचा हस्तक ओ गि-हो गावाला छळतो आणि योंग-जिनच्या बहिणीवर डोळा ठेवून असतो. गावाच्या उत्सवाच्या दिवशी तो तिच्यावर हात टाकतो, तेव्हा वेड्या योंग-जिनला वाळवंटाचे स्वप्न पडते: तहानेने व्याकूळ जोडपे, पाण्याच्या बदल्यात बाईची मागणी करणारा व्यापारी. योंग-जिन त्या व्यापाऱ्यावर वार करतो, आणि भानावर येतो तेव्हा हातात विळा असतो आणि समोर ओ गि-हो मरून पडलेला असतो. शेवटी त्याला बांधून आरिरांग खिंडीपलीकडे नेले जाते आणि गावकरी 'आरिरांग' हे गाणे म्हणतात.

हे आपल्याला कशावरून कळते? पहिले साधन म्हणजे वर्तमानपत्रांतल्या जाहिराती आणि परीक्षणे. दुसरे, १९२९मध्ये छापलेली 'चित्रपट-कादंबरी', म्हणजे पडद्यावरची गोष्ट वाचकांसाठी उतरवलेली पुस्तिका. तिसरे, ब्योन्साच्या निवेदनाच्या ग्रामोफोन तबकड्या. ब्योन्सा म्हणजे पडद्याशेजारी उभा राहून सगळ्या पात्रांचे संवाद बोलणारा, मधूनच टिप्पणी करणारा निवेदक. आपला कीर्तनकार आख्यान रंगवतो, तसे तो चित्र रंगवत असे. लोक नटापेक्षा ब्योन्साच्या नावावर तिकीट काढत. चौथे साधन म्हणजे उन-ग्यूंचे स्वतःचे लेख. आणि पाचवे, कितीतरी वर्षांनी लिहिलेल्या सहकाऱ्यांच्या आठवणी. बालमित्र युन बोंग-चुन यांच्या आहेत, आन जोंग-ह्वा यांच्या आहेत. आन यांच्या आठवणी १९६२मध्ये पुस्तकरूपाने आल्या.

ही पाचही साधने बाजूबाजूला ठेवली की ती जागोजाग एकमेकांशी जुळत नाहीत, आणि खाली मांडलेले सगळे वाद या न जुळणाऱ्या जागांतूनच निघाले आहेत. १९२९ची पुस्तिका सेन्सॉरच्या नजरेखालून गेलेली. आठवणी १९४५नंतरच्या, स्वतंत्र देशात लिहिलेल्या. पहिलीत जे गाळले जाणे साहजिक होते, ते दुसऱ्यांत भरले जाणेही तितकेच साहजिक होते.

दिग्दर्शक कोण?

पहिल्या प्रदर्शनाच्या जाहिरातींत दिग्दर्शक म्हणून उन-ग्यूंचे नाव नव्हते. तिथे त्सुमोरी शुइची हे जपानी नाव होते. किम छांग-सॉन हे त्याच माणसाचे कोरियन नाव, असे अभ्यासक धरून चालतात. उन-ग्यू जाहिरातीत दिसतात ते मुख्य नट म्हणून. पुढे मात्र 'ना उन-ग्यूंचा आरिरांग' हेच रूढ झाले, आणि ली यॉंग-इल यांनी १९६९मध्ये कोरियन चित्रपटाचा मोठा इतिहास लिहिला तेव्हा त्यावर शिक्कामोर्तब झाले.

नव्वदच्या दशकात अभ्यासक चो ही-मुन यांनी हा शिक्का खरवडला. त्यांचे म्हणणे सरळ आहे: त्या काळचा छापील पुरावा त्सुमोरीचे नाव देतो, पुराव्याला बाजूला सारून आठवणींवर विसंबायचे तर त्यासाठी सबळ कारण हवे. दुसरी बाजू म्हणते, कारण आहे. जपानी मालकाने सेन्सॉरचा रस्ता मोकळा व्हावा म्हणून जपानी नाव पुढे केले असणार. चित्रपट तपासणीचे नवे नियम १९२६च्या जुलैत निघाले आणि १ ऑगस्टपासून, म्हणजे प्रदर्शनाच्या दोनच महिने आधी, लागू झाले होते. शिवाय उन-ग्यूंनी मृत्यूच्या सुमारास लिहिलेल्या लेखांत 'आरिरांग' बनवतानाचे कष्ट सांगितले आहेत ते दिग्दर्शकाच्या भूमिकेतूनच, आणि त्या वेळी कुणी त्यांना खोटे पाडल्याचे दिसत नाही.

दोन्ही बाजूंचे युक्तिवाद नीट तपासले तर दोन्ही एकेका जागी अडतात. सेन्सॉरला चकवण्याची गोष्ट पटण्यासारखी आहे. पण त्याच काळात कोरियन दिग्दर्शकांच्या नावाने चित्रपट निघतच होते, मग याच चित्रपटाला आडोसा का लागला, याचे उत्तर ती देत नाही. उलट जाहिरात हा पुरावा खरा, पण तेव्हाच्या कंपनीत 'दिग्दर्शक' या शब्दाचा अर्थ आजच्यासारखा पक्का नव्हता. पटकथा लिहिणारा, नटांना बसवणारा आणि मुख्य काम करणारा माणूस एकच असू शके. माझ्या मते, कामाची विभागणी कशी होती हा प्रश्न 'नाव कुणाचे' या प्रश्नाहून जास्त फळ देणारा आहे. मात्र आजवरची चर्चा बव्हंशी नावाभोवतीच फिरली आहे.

राष्ट्रवाद कुठे होता: पडद्यावर की सभागृहात?

हा वाद अधिक खोल आहे. पहिली भूमिका ली यॉंग-इल आणि त्यांच्या परंपरेची. योंग-जिनला वेड लागते ते १ मार्चच्या चळवळीनंतर झालेल्या छळामुळे. ओ गि-हो हा परकीयांच्या छायेत माजलेला हस्तक. बांधून नेला जाणारा तरुण म्हणजे बंदिवान देश. या वाचनात नटाचे तुरुंगातले आयुष्य आणि पात्राचे वेड एकमेकांत मिसळतात. दक्षिण कोरियाने १९९३मध्ये उन-ग्यूंना मरणोत्तर राष्ट्रीय सन्मान दिला तो स्वातंत्र्यलढ्यातल्या कामासाठी. उत्तर कोरियातही त्यांना मानाचे स्थान आहे, फक्त तिथे भर जमीनदार आणि शेतकरी यांच्या संघर्षावर पडतो. फाळणी झालेल्या देशाच्या दोन्ही बाजूंनी आपला म्हटलेले कलावंत थोडे आहेत. उन-ग्यू त्यांतले एक.

दुसरी भूमिका संशयाची. पैसा जपानी, परवानगी जपानी, आणि चित्रपट पुढे वर्षानुवर्षे ठिकठिकाणी दाखवला गेला. वसाहती सरकारला तो इतका घातक वाटला असता तर हे झाले नसते. वेडाचे कारण छळ, हे पडद्यावर स्पष्ट असण्याची शक्यता कमी. वरवर पाहता ही गावातल्या जुलमाची भावनाट्यकथा आहे. उन-ग्यूंचे स्वतःचे लिखाणही या भूमिकेच्या मदतीला येते. त्यांनी लिहिले आहे की आधीचे कोरियन चित्रपट संथ होते, प्रेक्षक जांभया देत. आपल्याला परदेशी चित्रपटांसारखा वेग हवा होता, लोकांनी हसावे असे वाटत होते. अमेरिकन धाडसपटांचा त्यांच्यावरचा ठसा ते लपवत नाहीत.

तिसरी भूमिका अलीकडच्या अभ्यासकांची, आणि मला ती सर्वांत समजूतदार वाटते. अर्थ फितीत शोधू नका, सभागृहात शोधा, असे ती सांगते. फीत तीच, पण दर खेळाला बोलणारा ब्योन्सा वेगळा, त्याचा सूर वेगळा. चित्रपटगृहात पोलिसाची खुर्ची राखून ठेवलेली असे. ती रिकामी असताना काय बोलले जाई आणि भरलेली असताना काय, यात फरक पडणारच. गाण्याच्या ओळी छापलेली प्रचारपत्रके पोलिसांनी जप्त केल्याची बातमी प्रदर्शनाच्याच वेळी आली होती; म्हणजे चित्र मंजूर, पण शब्दांवर हरकत! प्रेक्षक शेवटी उठून गाणे म्हणू लागत, हे अनेक आठवणींत येते. आज जगभर ठाऊक असलेली 'आरिरांग'ची चाल या चित्रपटातून पसरली यावर फारसा मतभेद नाही. लहानपणी ह्वेर्यॉंगला रूळ टाकायला आलेले दक्षिणेकडचे मजूर ते गाणे म्हणत आणि आपण थांबून ऐकत असू, असे उन-ग्यूंनी लिहून ठेवले आहे. २०१२मध्ये दक्षिण कोरियाच्या आणि २०१४मध्ये उत्तर कोरियाच्या नावे युनेस्कोने 'आरिरांग' गाण्याची परंपरा मानवी वारशाच्या यादीत घेतली.

या तिसऱ्या भूमिकेतही एक उणीव राहते. अर्थ ब्योन्साने दिला, प्रेक्षकांनी दिला, असे म्हणताना नट काय करत होता हे विचारायचे राहून जाते.

नट काय करत होता

उन-ग्यूंच्या गाजलेल्या भूमिका ओळीने मांडून पाहाव्यात. १९२५मध्ये आंधळा बाप. १९२६मध्ये वेडा मुलगा. १९२९मध्ये ना दो-ह्यांग यांच्या कथेवरचा 'मुका सामर्योंग': मालकिणीवर जीव टाकणारा, आगीत शिरून तिला उचलून आणणारा कुरूप नोकर. १९३२मध्ये ली ग्यू-ह्वान यांच्या 'बिनमालकाची नाव'मध्ये डोके भादरलेला म्हातारा नावाडी: नदीवर रेल्वेचा पूल होतो, त्याची नाव बुडीत निघते, आणि पुलाचा अभियंता त्याच्या मुलीवर हात टाकतो. ज्यांना दिसत नाही, ज्यांचे बोलणे कुणी धरत नाही, ज्यांना बोलताच येत नाही, अशी ही माणसे आहेत. मूकपटात नटाला शब्द नसतातच. इथे पात्रालाही नाहीत. सगळा भार शरीरावर, डोळ्यांवर, चालीवर. आणि शेजारी उभा असलेला ब्योन्सा त्या मुक्या शरीराला हवे ते शब्द देऊ शकतो. मोठ्या, स्पष्ट संवादांच्या नायकापेक्षा अशा पात्रात निवेदकाला जागा जास्त मिळते, आणि सेन्सॉरला कात्री लावायला जागा कमी. वेडा बोलला तर तो वेडाच बोलला!

ही निवड जाणूनबुजून होती, असे म्हणायला लेखी पुरावा नाही. ठेंगण्या, अनाकर्षक नटाला सरळ नायकाचे काम मिळत नव्हते म्हणून तो अशा भूमिकांकडे वळला, हे साधे स्पष्टीकरणही तितकेच लागू पडते. पण अंगच्या उणिवेतून एखादा नट आपली वाट काढतो, त्या वाटेवर एक अख्खा प्रेक्षकवर्ग त्याच्यामागून येतो, आणि चित्रपटेतिहासाच्या ग्रंथांत या गोष्टीला एक परिच्छेदही मिळत नाही, याचे वाईट वाटते.

उतरणीचा काळ

१९२७मध्ये दानसॉंगसाचे पाक सुंग-पिल यांच्या पाठबळावर उन-ग्यूंनी स्वतःच्या नावाची संस्था काढली. त्या सुमारास त्यांचा 'रानउंदीर' हा चित्रपट सेन्सॉरच्या तावडीत सापडला. तुमेन नदी ओलांडण्याविषयीच्या चित्रपटाचे नावच बदलून 'प्रेमाच्या शोधात' करावे लागले. संस्था फार टिकली नाही. १९३०मध्ये 'आरिरांग'चा दुसरा भाग आला आणि डाव्या लेखकांच्या 'काफ' संघटनेशी जवळीक असलेल्या सो ग्वांग-जे आदी समीक्षकांनी त्यावर कडक टीका केली: आता यात लढा उरलेला नाही, नुसता हताशपणा आहे. उन-ग्यूंच्या बाजूने उत्तर आले ते व्यवहाराचे: सेन्सॉर आणि भांडवल यांच्या कचाट्यात काय करता येते ते चित्रपट करणाऱ्यालाच ठाऊक. कोरियन चित्रपटसमीक्षेतला हा पहिल्या मोठ्या वादांपैकी एक.

१९३१मध्ये ते जपानी दिग्दर्शकाच्या चित्रपटात खलभूमिकेत आले आणि टीका आणखी वाढली. मग नाटकमंडळ्यांबरोबरचे दौरे, पैशाची चणचण. या काळाला एक बाजू सरळ अधःपतन म्हणते. दुसरी बाजू म्हणते, भांडवल नसलेल्या देशात नटाने पोट कसे भरायचे, आणि १९३२चा नावाडी त्याच काळातला आहे हे विसरू नका. नावाडी कुऱ्हाड घेऊन रुळांवर तुटून पडतो, तो शेवट सेन्सॉरने कापला. ज्या मुलाने कधी बोगदा उडवायचा घाट घातला होता, त्याच्या वाट्याला दहा वर्षांनी पडद्यावर रूळ तोडायचे काम आले, आणि तेही कापले गेले. दुसऱ्या बाजूचे म्हणणे मला अधिक रास्त वाटते, ते या एका दृश्यामुळे.

१९३५मध्ये कोरियाचा पहिला बोलपट आला. उन-ग्यूंनी १९३६मध्ये 'आरिरांग'चा तिसरा भाग आवाजासह केला, आणि १९३७मध्ये ली ते-जुन यांच्या कथेवरचा 'ओमोंगन्यो' दिग्दर्शित केला. क्षयाने तोवर त्यांना पोखरले होते. ९ ऑगस्ट १९३७ रोजी ते गेले. पस्तिशी गाठायलाही अडीच महिने होते. बोलपटात ते कसे नट ठरले असते, याचा अंदाज करणे अवघड आहे. मुक्यांची कामे करणाऱ्याला आवाज मिळाला तो अगदी शेवटी.

शोध आणि उरलेले प्रश्न

जपानमधल्या ओसाका भागातल्या एका संग्राहकाने 'आरिरांग'ची प्रत आपल्याकडे असल्याचे अनेक वर्षे सूचित केले होते. कोरियन अभ्यासक आणि पत्रकार त्याच्या दारी खेटे घालत राहिले. २००५मध्ये तो वारला. संग्रह तपासला गेला. 'आरिरांग' त्यात निघाला नाही. उत्तर कोरियात, चीनमध्ये, रशियात शोध घ्यावा असे प्रस्ताव अधूनमधून येतात. ते अगदीच अवास्तव नाहीत, कारण गेल्या पंचवीस वर्षांत चीनच्या संग्रहालयातून तिशी-चाळिशीच्या दशकांतले कितीतरी कोरियन चित्रपट परत मिळाले.

'आरिरांग' सापडला तर कोणते वाद मिटतील? शीर्षकपट्ट्यांवरून दिग्दर्शकाचे नाव कळेल, पण पडद्यामागची विभागणी कळणार नाही. वेडाचे कारण पट्टीवर लिहिलेले होते का, हे कळेल. ब्योन्सा काय बोलला ते कळणार नाही. नटाचा प्रश्न मात्र एका खेळात सुटेल.

तोवर जे आहे ते असे. २००७मध्ये आन जोंग-ह्वा यांचा १९३४चा 'तारुण्याचा चौरस्ता' सापडला. आज उपलब्ध असलेल्या सर्वांत जुन्या कोरियन मूकपटांपैकी हा एक, आणि सोलमध्ये तो पुन्हा ब्योन्साच्या निवेदनासह दाखवला जातो. बुसानला उन-ग्यूंची बाजू घेणारे आन ते हेच. त्यात शहरात आलेल्या बहिणीचे काम शिन इल-सॉन यांनी केले आहे. 'आरिरांग'मध्ये योंग-जिनची बहीण त्याच होत्या. चीनहून परत आलेल्या १९३६च्या 'मिमोंग'मध्ये नायिका आहेत मुन ये-बोंग. 'बिनमालकाची नाव'मध्ये नावाड्याची मुलगी म्हणून त्या पहिल्यांदा पडद्यावर आल्या. पडद्यावरची बहीण आणि पडद्यावरची मुलगी, दोघी आज पाहता येतात. ज्यांनी उन-ग्यूंसमोर उभे राहून कामे केली, ते चेहरे अजून हलतात.